एका सोलापूरकराची नावे

वर्गात हजेरी सुरू झाली की माझे लक्ष पुष्कळदा स्वतःच्या क्रमांकावरून उडते आणि मी नुसती नावे ऐकत बसतो. आमच्या सोलापुरात या छंदाला मोठी सोय आहे. माने आणि कुलकर्णी यांच्या पाठोपाठ बिराजदार येतो, शेख येतो, चिट्याल येतो. एका पानावर मराठी, कानडी, उर्दू, तेलुगू अशा चार भाषा नांदतात. १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्याच्या तुरुंगात फासावर गेलेल्या आपल्या चार हुतात्म्यांची नावे पाहा: मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे, कुर्बान हुसेन. ही चार नावे ओळीने वाचली की सोलापूर म्हणजे काय हे वेगळे सांगावे लागत नाही. खुद्द गावाच्या नावाचेही तसेच आहे. सोळा गावे मिळून सोलापूर झाले असे घरोघर सांगतात; पण जुन्या शिलालेखांत हे गाव ‘सोन्नलगे’ या नावाने भेटते आणि सिद्धरामेश्वरांनाही कन्नड परंपरा सोन्नलगेचे सिद्धराम म्हणूनच ओळखते. म्हणजे गावालाही एक नाव सोडून दुसऱ्या नावात जावे लागले!

याच गावात जन्मलेल्या एका माणसाची कथा मला त्याच्या नावांवरून सांगावीशी वाटते. त्याचे चरित्र आपण शाळेत थोडेबहुत वाचलेले असते. भय्या चौकातले त्याचे घर, आता स्मारक झालेले, आपल्या येण्याजाण्याच्या वाटेवर असते. डॉक्टर द्वारकानाथ कोटणीस म्हटले की चीन, युद्ध, सेवा आणि अकाली मृत्यू असे चार शब्द आपण पटापट म्हणतो आणि पुढे जातो. पण या माणसाचे नाव परक्या देशात बदलले गेले, ते त्याने आनंदाने घेतले, आणि त्याच नावातला शेवटचा तुकडा पुढे त्याच्या मुलाच्या नावातही गेला. तिथे त्या तुकड्याचे काय झाले हे सहसा कोणी सांगत नाही.

द्वारकानाथांचा जन्म १० ऑक्टोबर १९१० चा. द्वारकानाथ म्हणजे द्वारकेचा स्वामी, श्रीकृष्ण. द्वारका या शब्दाच्या पोटात ‘द्वार’ आहे. दारांची, वेशींची नगरी. कृष्णाच्या नावांना काय तोटा? पण गोपाळ म्हणावे तर गोकुळ आठवते, आणि द्वारकानाथ म्हणावे तर जन्मगाव मागे ठेवून दूर समुद्रकाठी राज्य वसवणारा कृष्ण आठवतो. नाव ठेवताना कोणी एवढा विचार केला असेल असे नाही. घरात देवाचे नाव हवे, ते ठेवले, एवढेच.

आडनावाची गोष्ट अधिक रंजक आहे. फडणीस, चिटणीस, पोतनीस, सबनीस, वाकनीस अशी ‘नीस’ शेवटी असलेली आडनावे आपल्याकडे पुष्कळ. हा ‘नीस’ फारसीतल्या ‘नवीस’ या शब्दाचा मराठी अवतार, अर्थ लिहिणारा. चिठ्ठ्या लिहिणारा तो चिटणीस. कोट म्हणजे किल्ला, तेव्हा कोटाचे दप्तर लिहिणारा तो कोटणीस, असा सरळ अर्थ लागतो. आपल्या भुईकोट किल्ल्याच्या नावात हाच कोट आहे. शिवाजीमहाराजांनी राज्यव्यवहारकोश करवून घेतला तेव्हा वाकनिसाचा मंत्री झाला, सुरनिसाचा सचिव झाला. पण लोकांच्या आडनावांतून ‘नीस’ काही गेला नाही. हुद्दा गेला, किल्ला पडला, दप्तर जळाले तरी आडनाव उरते. द्वारकानाथांचे वडील शांताराम हे एका गिरणीत नोकरी करीत. कोटातले लिहिणे संपून गिरणीच्या भोंग्याचे दिवस आले होते.

ही तऱ्हा केवळ आपलीच नाही. आयर्लंडमध्ये ‘मॅक’ म्हणजे मुलगा आणि ‘ओ’ म्हणजे नातू किंवा वंशज. तिथल्या जुन्या घराण्यांत भाटकी वंशपरंपरेने चाले. त्यांच्या भाषेत ‘भाटाचा मुलगा’ असे जे आडनाव होते, तेच पुढे इंग्रजी राज्यात घासून ‘वॉर्ड’ झाले. आज एखाद्या वॉर्डला कवितेचे एक कडवेही येत नसेल. स्कँडिनेव्हियात निराळाच प्रकार. आइसलँडमध्ये आजही बहुतेकांना आडनाव असे नसतेच. यॉनचा मुलगा तो यॉन्सन, यॉनची मुलगी ती यॉन्सदोत्तिर. म्हणजे आपण नावाच्या मध्ये वडिलांचे नाव घालतो तेवढ्यावरच त्यांचे काम भागते. त्या रीतीने हा मुलगा ‘द्वारकानाथ शांतारामसन’ झाला असता आणि कोट व दप्तर दोन्ही विसरले गेले असते. नॉर्वेत मात्र कुळे आपापल्या शेतवाडीचे नाव आडनाव म्हणून लावीत. आपल्या ‘कर’चे हे चुलत भावंडच म्हणायचे.

द्वारकानाथांच्या बालपणाविषयी मी फार लिहीत नाही. दोन भाऊ, पाच बहिणी, भरलेले घर, बेताची मिळकत. १९३० च्या मे महिन्यात सोलापुरात मार्शल लॉ पुकारला गेला तेव्हा ते वीस वर्षांचेही नव्हते. वैद्यकीय शिक्षणासाठी ते मुंबईला परळच्या सेठ गोवर्धनदास सुंदरदास मेडिकल कॉलेजात गेले. १९३६ मध्ये डॉक्टर झाले आणि पदव्युत्तर परीक्षेच्या तयारीला लागले. घराच्या दृष्टीने आता चार पैसे येण्याचे दिवस जवळ आले होते.

तेवढ्यात चीनचे युद्ध आले. ७ जुलै १९३७ रोजी जपानने चीनवर मोठी चढाई सुरू केली. चिनी सेनापती चू-ते यांनी जवाहरलाल नेहरूंना पत्र लिहून वैद्यकीय मदत मागितली. १९३८ मध्ये काँग्रेसचे अध्यक्ष सुभाषचंद्र बोस होते. त्यांनी देशाला हाक दिली, ‘चीन दिन’ पाळून निधी गोळा केला. बावीस हजार रुपये जमले आणि एक रुग्णवाहिकाही मिळाली. स्वतःच्या पायात बेड्या असलेल्या देशाने दुसऱ्या देशाला डॉक्टर पाठवायचे, ही गोष्टच मोठी विलक्षण होती. कोटणिसांनी अर्ज केला. घरी कळवले. वडिलांनी आडकाठी केली नाही.

पाच डॉक्टर निवडले गेले. प्रमुख होते अलाहाबादचे डॉ. मदनमोहनलाल अटल, ते स्पेनच्या यादवी युद्धात काम करून आले होते. नागपूरचे डॉ. चोळकर वयाने सर्वांत वडील. कलकत्त्याचे दोघे, डॉ. विजयकुमार बसू आणि डॉ. देवेश मुखर्जी. आणि सोलापूरचे कोटणीस. १ सप्टेंबर १९३८ रोजी ‘राजपुताना’ या बोटीने ते मुंबईहून निघाले. कोटणीस त्या वेळी सत्तावीस वर्षांचे होते.

सप्टेंबरच्या मध्याला पथक कँटनला उतरले. सन यत-सेन यांच्या पत्नी सुंग चिंग-लिंग यांनी त्यांचे स्वागत केले. तिथून वुहान, मग यिचांग, मग चुंगकिंग असा प्रवास झाला. जपानी फौजा मागून येत होत्या आणि चिनी सरकार एकेक शहर सोडून मागे हटत होते. ज्या शहरात दवाखाना मांडावा तेच काही आठवड्यांत सोडावे लागे. हा सारा काळ धावपळीचा. त्यात सांगण्याजोगे पुष्कळ असले तरी माझा विषय चुंगकिंगला येऊन थांबतो, कारण नावे बदलली ती तिथे.

शांतिनिकेतनात रवींद्रनाथांनी १९३७ मध्ये चीना भवन सुरू केले होते. त्याचे प्रमुख प्रा. तान युन-शान तेव्हा चुंगकिंगमध्ये होते. चिनी लिपीत अक्षरे नसतात, अर्थ असलेली चिन्हे असतात. परक्याचे नाव लिहायचे तर त्याच्या उच्चाराशी जुळणारी चिन्हे निवडावी लागतात, आणि चिन्ह निवडले की त्याबरोबर अर्थही चिकटून येतो. शिवाय चिनी नावात आडनाव आधी. (आपल्या परीक्षेच्या हजेरीपटावरही आडनाव आधी असते, पण तिथे ते मानाचे वाटत नाही!) तर तान युन-शान यांनी पाचही डॉक्टरांची नावे चिनी वळणाची केली आणि प्रत्येकाच्या शेवटी एकच चिन्ह जोडले: ‘हुआ’. हुआ म्हणजे चीन. या शब्दाला वैभव, तेज असेही अर्थ आहेत आणि फार जुन्या काळी त्याचा अर्थ फूल असाही होता. बसूंचे झाले ‘बा सु-हुआ’, मुखर्जींचे ‘मु के-हुआ’, चोळकरांचे ‘चुओ के-हुआ’. अटल झाले ‘आय दे-हुआ’. गंमत अशी की, इंग्रजांचे ‘एडवर्ड’ हे नावही चिनीत अगदी असेच लिहितात. इंग्रजांच्या राज्यातून सुटून आलेल्या या काँग्रेसच्या डॉक्टराला चीनमध्ये राजाचे नाव मिळाले!

कोटणीस झाले ‘के दि-हुआ’. आपण हे नाव रोमन अक्षरांवरून वाचतो म्हणून ‘के’ आणि ‘दि’ म्हणतो. खरा चिनी उच्चार पहिल्या ठिकाणी ‘ख’च्या आणि दुसऱ्या ठिकाणी ‘ती’च्या जवळचा आहे. म्हणजे ‘को-ट’ मधला मूळ ध्वनी बराचसा राखला गेला. आता अर्थ. ‘के’ हे चीनमध्ये खरोखरच असलेले आडनाव. त्याचा अर्थ फांदी, किंवा कुऱ्हाडीचा दांडा. ‘दि’ हे एका फुलझुडपाचे नाव. शी-चिंग या चीनच्या अतिप्राचीन काव्यसंग्रहात या झुडपाच्या फुलांची आठवण भावाभावांच्या प्रेमाशी जोडली आहे आणि तेव्हापासून ‘दि’ हे चिन्ह भावासाठी, विशेषतः धाकट्या भावासाठी वापरले जाते. म्हणजे पाहा, ‘नीस’ गेला, लेखनिकाची फारसी झूल उतरली, आणि तिच्या जागी भाऊ आला, पुढे चीन. आपल्याकडे नाव कानाला बरे लागले की पुरते. तिथे नाव डोळ्यांनीही वाचले जाते. जो कोणी चिनी माणूस ही तीन चिन्हे पाही, त्याला या परक्याचे आपल्याशी नाते काय ते आधीच कळून जाई.

याच चुंगकिंगच्या मुक्कामात, १९३९ च्या आरंभी, कोटणिसांना वडील वारल्याची बातमी आली. घरची स्थिती त्यांना ठाऊक होती. सहकाऱ्यांनी परत जाण्याविषयी सुचवले. ते गेले नाहीत. मध्ये लावायचे ‘शांताराम’ आता नवीन नावात कुठेच नव्हते, आणि तो माणूसही उरला नव्हता. मला या ठिकाणी नेहमी अडखळायला होते. परोपकार मोठा खरा. पण सोलापुरात आई, भाऊ, बहिणी होत्या, आणि त्यांनी त्या वर्षी काय सोसले असेल याचा हिशेब कोणत्याच चरित्रात पुरेसा सापडत नाही. कोटणिसांना हे कळत नव्हते असे मानणे म्हणजे त्यांना लहान करणे होय. कळत होते आणि तरी ते थांबले.

फेब्रुवारी १९३९ मध्ये पथक येनानला पोहोचले. डोंगर कोरून केलेल्या गुहांत घरे, गुहांतच दवाखाने. त्या वर्षी चोळकर आणि मुखर्जी परतले. पुढल्या वर्षी अटलही आजारपणामुळे परतले. कोटणीस आणि बसू राहिले. कोटणीस भाषा शिकले. नुसती रोग्याशी बोलण्यापुरती नव्हे. चिनी भाषेत वर्ग घेण्याइतकी आणि पाठ्यपुस्तक लिहिण्याइतकी. ज्याच्या पूर्वजांचा धंदाच लिहिणे, त्याने परक्या लिपीत पुन्हा लेखणी धरली. चिनीत डॉक्टरला ‘दाइफू’ म्हणतात. सैनिक त्यांना ‘के दाइफू’ म्हणू लागले.

इथे दुसऱ्या एका नावाची गाठ पडते. कॅनडाचे शस्त्रवैद्य नॉर्मन बेथून त्याच आघाडीवर काम करीत होते. शस्त्रक्रिया करताना बोटाला जखम झाली, तीतून विष अंगात भिनले आणि १२ नोव्हेंबर १९३९ रोजी ते वारले. कोटणीस आघाडीकडे निघाले होते. भेट झालीच नाही. आता ‘नॉर्मन’ या नावाचा अर्थ काय? उत्तरेकडचा माणूस. स्कँडिनेव्हियातून लांबट होड्यांत बसून आलेले दर्यावर्दी दहाव्या शतकात फ्रान्सच्या उत्तर किनाऱ्यावर स्थायिक झाले, त्यांना तिकडचे लोक ‘उत्तरेचे’ म्हणू लागले. त्यांच्या मुलखाला नॉर्मंडी हे नाव पडले आणि कालांतराने ते व्यक्तीचे नाव झाले. बेथून हे आडनावही उत्तर फ्रान्समधल्या एका गावावरून आले. तिथून ते स्कॉटलंडला, तिथून कॅनडाला, आणि कॅनडाहून चीनच्या डोंगरात! चिन्यांनी त्यांना ‘बाय चिउ-एन’ म्हटले. बाय म्हणजे पांढरा, चिउ म्हणजे शोधणे, एन म्हणजे उपकार, कृपा. गोऱ्या माणसाला पांढऱ्याचे आडनाव मिळाले यात नवल नाही. शेवटची दोन चिन्हे मात्र कोणी तरी मन लावून निवडली असावीत.

परका माणूस आला की त्याला आधी रंगावरून ओळखायचे, ही माणसाची जुनी सवय. आयर्लंडवर स्कँडिनेव्हियन लोक चालून आले तेव्हा आयरिश लोकांनी त्यांतल्या काहींना ‘गोरे परके’ आणि काहींना ‘काळे परके’ अशी नावे ठेवली. आज तिकडे सर्रास आढळणारे ‘डॉइल’ हे आडनाव त्या ‘काळा परका’ या शब्दातूनच आले आहे. शेरलॉक होम्सच्या लेखकाचे आडनाव उच्चारताना आपल्या ध्यानीमनीही हे नसते. भीतीने ठेवलेले नाव पुढे मुलेबाळे अभिमानाने लावू लागली.

कोटणिसांनाही रंगावरून नाव पडले. ते सावळे. उत्तर चीनच्या खेड्यांत असा माणूस कोणी पाहिला नव्हता. गावकरी त्यांना ज्या नावाने हाक मारू लागले त्याचा शब्दशः अर्थ होतो ‘काळी आई’. हे वाचले तेव्हा मी थबकलोच. आपल्या जिल्ह्यातला शेतकरी ‘काळी आई’ कशाला म्हणतो? रानाला, जमिनीला. पेरणीआधी तिच्या पाया पडतो. चिनी खेडुताला हे ठाऊक असण्याचे काही कारण नव्हते, त्याने आपले जे दिसले ते म्हटले: रंग काळा आणि हात आईचा. पण सोलापूरच्या माणसाला याहून मोठी पदवी मिळणे शक्य नव्हते.

ते नाव त्यांनी कसे कमावले हे थोडक्यात सांगतो. १९४० च्या जून महिन्यात कोटणीस आणि बसू बेथून यांच्या कर्मभूमीत, शान्सी, चहार व होपेइ या प्रांतांच्या सीमाभागात पोहोचले. पुढे बसू येनानला परतले आणि कोटणीस या भागात एकटे भारतीय उरले. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये आठव्या सेनेने जपान्यांच्या रेल्वेमार्गांवर मोठा हल्ला चढवला. त्या लढाईत एका ठिकाणी १३ दिवसांत ८०० हून अधिक जखमी त्यांच्याकडे आले आणि त्यांनी ५५८ शस्त्रक्रिया केल्या. तीन तीन दिवस डोळ्याला डोळा लागला नाही. भूल देण्याचे औषध अपुरे, पट्ट्या धुऊन पुन्हा वापरायच्या, शत्रू जवळ आला की रोग्यांसह दवाखाना उचलून दुसऱ्या डोंगराआड न्यायचा. जानेवारी १९४१ मध्ये बेथून यांच्या नावाने उभारलेल्या आंतरराष्ट्रीय शांतता रुग्णालयाचे ते संचालक झाले. उत्तरेच्या माणसाच्या जागी द्वारकेचा नाथ बसला. ते शिकवीतही होते. शस्त्रक्रियेच्या तत्त्वांवरचे एक पुस्तक त्यांनी चिनी विद्यार्थ्यांसाठी लिहिले, दुसरे हातात होते, ते अपुरे राहिले. जुलै १९४२ मध्ये ते चिनी कम्युनिस्ट पक्षाचे सभासद झाले.

बेथून यांच्या समाधीच्या समारंभात त्यांची कुओ चिंग-लान हिच्याशी ओळख झाली. ती परिचारिकांची शिक्षिका होती, पेकिंगच्या नामांकित रुग्णालयात तयार झालेली. २५ नोव्हेंबर १९४१ रोजी त्यांचा विवाह झाला. आता तिच्या नावाचा अर्थ पाहा. लान म्हणजे ऑर्किडचे फूल, चिंग म्हणजे आनंद साजरा करणे. आणि ‘कुओ’ या आडनावाचा मूळ अर्थ? शहराभोवतालचा बाहेरचा तट! कोटाच्या माणसाला तटाची मुलगी मिळाली. दोघांपैकी कोणाला हा योग ठाऊक होता की नाही कोण जाणे. अशा जुळण्यांना अर्थ नसतो, हे मलाही कळते. पण गंमत सोडवत नाही. चीनमध्ये लग्नानंतर बायकोचे नाव बदलत नाही. ती कुओ चिंग-लानच राहिली.

२३ ऑगस्ट १९४२ रोजी मुलगा झाला. त्याचे नाव त्या प्रदेशाचे सेनापती न्ये रुंग-चेन यांनी ठेवले: यिन-हुआ. ‘यिन’ हे चिनी भाषेत भारताच्या नावाचे पहिले चिन्ह, आणि ‘हुआ’ म्हणजे चीन. आपल्याकडे बारशाला आत्या कानात नाव सांगते. या मुलाच्या आत्या सोलापूरच्या, आणि मध्ये युद्ध, समुद्र, हिमालय. आत्यांच्या जागी सेनापती आला आणि त्याने पाळण्यातल्या पोराच्या नावात दोन देश घातले. त्या दिवसांत हे नाव किती सहज सुचले असेल! दोन्ही देश परक्यांशी झुंजत होते. त्याच महिन्यात इकडे ‘चले जाव’ची हाक उठली होती.

कोटणिसांना अपस्माराचे झटके येऊ लागले होते. विश्रांती घ्या, येनानला जा, असे सांगूनही त्यांनी काम सोडले नाही. ९ डिसेंबर १९४२ रोजी एकामागून एक झटके येऊन ते गेले. वय बत्तीस. मुलगा साडेतीन महिन्यांचा. खेड्यातल्या लोकांनी त्यांना आपल्या मातीत पुरले. पुढे त्यांच्या अस्थी शिजियाझुआंगच्या हुतात्मा स्मशानभूमीत नेल्या, जिथे बेथून यांचीही समाधी आहे. दगडावर जी चिन्हे आहेत ती के दि-हुआ या नावाची.

इकडे देशाला ते कळले ते ‘कोटनीस’ म्हणून. १९४४ मध्ये ख्वाजा अहमद अब्बास यांनी त्यांच्यावर इंग्रजीत पुस्तक लिहिले आणि त्यावरून १९४६ मध्ये व्ही. शांताराम यांनी ‘डॉ. कोटनीस की अमर कहानी’ हा बोलपट काढला. स्वतः शांताराम कोटणीस झाले आणि जयश्रीबाई चिंग-लान. वडिलांचे जे नाव चीनमध्ये गळून पडले होते ते असे पडद्यावरून परत आले. हिंदी नामावळीत मराठी ‘ण’चा ‘न’ झाला आणि तोच उत्तरेत रूढ झाला. चिन्यांनी सबंध नावच बदलले, त्याचा आपल्याला राग येत नाही. पण हा ‘ण’ गेल्याचे मला मात्र अजून वाईट वाटते.

यिन-हुआ चीनमध्ये वाढला. १९५० च्या सुमारास दोन्ही देशांत भाऊपणाच्या घोषणा होत होत्या, तेव्हा ते नाव एखाद्या तोरणासारखे मिरवता आले असेल. १९६२ च्या ऑक्टोबरमध्ये सीमेवर युद्ध पेटले. यिन-हुआ तेव्हा वीस वर्षांचा होता. नावातला पहिला भाग आणि दुसरा भाग एकमेकांवर बंदुका रोखून उभे राहिले. कोणी त्याला हाक मारली की दोन्ही देश एका श्वासात घ्यावे लागत. पोर्तुगीजांचे नाव लावणारे, इंग्रजांचे नाव लावणारे आपल्याकडे पुष्कळ आहेत, त्यांना कधी असा दिवस पाहावा लागला नाही. कारण त्यांच्या नावात देश नव्हता, नुसता संत किंवा राजा होता. आपल्या बाजूला सोलापुरातही त्या दिवसांत चीनविषयी चांगला शब्द बोलणे सोपे नव्हते. या शहराचा सर्वांत नावाजलेला मुलगा शत्रूच्या देशात देवासारखा पुजला जात होता, हे लोकांनी कसे पचवले असेल?

यिन-हुआ वडिलांच्याच वाटेने डॉक्टरीच शिकत होता. शिक्षण संपायला थोडाच अवधी उरला असताना, १९६७ मध्ये, उपचारांत झालेल्या चुकीमुळे तो गेला. पंचविशीच्या उंबरठ्यावर. नाव ठेवणारे सेनापती न्ये त्याच्यानंतर पंचवीस वर्षे जगले.

मैत्री पुढे हळूहळू सांधली गेली आणि तिच्यासाठी पुन्हा कोटणिसांचेच नाव कामी आले. १९७६ मध्ये शिजियाझुआंगला त्यांच्या नावाचे स्मृतिदालन झाले. १९८२ मध्ये चीनने त्यांच्यावर टपाल तिकिटे काढली, १९९३ मध्ये भारताने काढले. कुओ चिंग-लान अनेकदा भारतात येऊन गेल्या, सासरच्या माणसांना भेटल्या. भय्या चौकातल्या जुन्या घराचे स्मारक होऊन त्याचे उद्घाटन १ जानेवारी २०१२ रोजी झाले. त्याच वर्षी जूनमध्ये चीनच्या दालियान शहरात कुओ चिंग-लान वारल्या. द्वारकानाथांना जाऊन तेव्हा सत्तर वर्षे होत आली होती, आणि यिन-हुआला पंचेचाळीस.